धर्माचा रकाना नसलेली यादी

चिरंजीवास अनेक उत्तम आशीर्वाद.

तू मोबाईलवर पाठवलेला लांबलचक मजकूर मी दोनदा वाचला. त्याला चार ओळींत उत्तर देऊन मोकळे होणे मला बरे वाटले नाही, म्हणून कागद घेऊन बसलो आहे. तालुक्याच्या मंडळींनी तुला आपल्या गावच्या शाखेचा प्रमुख व्हायला सांगितले आहे, बसस्टँडवर तुझा फोटो असलेला फलक लागणार आहे आणि येत्या मिरवणुकीची सगळी जबाबदारी तुझ्यावर टाकली आहे, असे तू लिहितोस. आणि शेवटी विचारतोस, ‘गुरुजी, आपल्या धर्मासाठी उभे राहणे चूक आहे काय?’ तू विचारलेस याचे मला समाधान आहे, कारण ज्याचे आधीच ठरून गेलेले असते तो निवृत्त मास्तराला विचारायला येत नाही.

धर्मासाठी उभे राहणे चूक नाही. हे आरंभीच सांगून टाकतो, म्हणजे पुढचे वाचताना तुझ्या मनात किंतु राहणार नाही. मी स्वतः श्रद्धाळू माणूस आहे. आमच्या लहानपणी गावात तुकडोजी महाराजांच्या गुरुदेव सेवा मंडळाची सामुदायिक प्रार्थना रोज संध्याकाळी व्हायची. वावरातून आलेली माणसे हातपाय धुऊन सतरंजीवर रांगेत बसायची, त्यांच्या मागे आम्ही पोरे, आणि कोण कोणाच्या शेजारी बसला आहे हे कोणी पाहायचे नाही. आजही दिवेलागण झाली की माझे हात आपोआप जोडले जातात. ज्या श्रद्धेने मला वळण लावले ती तू सोडून दे, असे मी कोणत्या तोंडाने सांगू? मला सांगायचे आहे ते एवढेच की श्रद्धा तुझी आहे, ती तुझ्याच ताब्यात राहू दे. ज्याला तुझे मत हवे आहे त्याच्या स्वाधीन ती करू नकोस. हे देशाच्या भल्याचे आहे म्हणून सांगतोच, पण त्याहून आधी ते तुझ्या श्रद्धेच्या भल्याचे आहे.

नोकरीच्या काळात माझ्या हाताखालून दोन दप्तरे गेली. एक शाळेचे दाखल-खारीज रजिस्टर. त्यात मुलाचे नाव, बापाचे नाव, जन्मतारीख आणि त्यानंतर धर्म व जात असा रकाना असतो. पन्नास-साठ वर्षांपूर्वीचे ते रजिस्टर उघडले की कागदाच्या कडा हाताला भुगा होऊन लागतात, शाई तपकिरी झालेली असते, आणि जात पडताळणीसाठी आजोबाची नोंद शोधत आलेला मुलगा माझ्या खांद्यावरून वाकून एकेक ओळ पाहत असतो. दुसरे दप्तर मतदारयादीचे. शिक्षकाला बीएलओचे, म्हणजे घरोघर जाऊन मतदारयादी तपासण्याचे, काम चुकत नाही, म्हणून कितीतरी वर्षे मी ती यादी काखेत घेऊन दारोदार हिंडलो. तिच्यात अनुक्रमांक असतो, घर क्रमांक, नाव, बापाचे किंवा नवऱ्याचे नाव, वय, स्त्री की पुरुष. धर्माचा रकाना तिच्यात नाही. मोहल्ल्यात गेलो की नावे एका वळणाची, बौद्धपुऱ्यात गेलो की दुसऱ्या वळणाची, गोंडांच्या टोल्यावर तिसऱ्याच वळणाची. पण यादीत सगळे एकाखाली एक, घर क्रमांकाच्या ओळीने. एक म्हातारी दर वर्षी मला दारातच गाठायची आणि विचारायची, ‘गुरुजी, माह्यं नाव हाय नं अजून? काटलं तं नाई?’ मी यादीवर बोट ठेवून दाखवायचो. तिला वाचता येत नव्हते, तरी त्या बोटाखालची ओळ ती खूप वेळ पाहत राहायची.

एकाच सरकारच्या एका कागदावर धर्म लिहिणे भाग का, आणि दुसऱ्यावर तो लिहायला मज्जाव का, हे मला स्वतःला पुष्कळ उशिरा उमगले. रजिस्टरातला रकाना मागच्या अन्यायाची भरपाई करण्यासाठी ठेवावा लागला. ज्यांना पिढ्यान्‌पिढ्या शाळेच्या पायरीबाहेर बसवले त्यांना शिष्यवृत्ती आणि सवलत द्यायची तर ते कोण हे लिहून ठेवल्याशिवाय गत्यंतर नव्हते. तो रकाना किती जड असतो हेही मी पाहिले आहे. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेबांसोबत लाखो माणसांनी धम्मदीक्षा घेतली, दोन दिवसांनी चंद्रपुरातही दीक्षेचा सोहळा झाला, आणि आपल्या भागातील घरेच्या घरे बौद्ध झाली. पण केंद्राच्या लेखी अनुसूचित जातीचा दर्जा त्यांना बौद्ध म्हणून मिळायला १९९० साल उजाडावे लागले. चौतीस वर्षे! एका रकान्यात एक शब्द बदलला म्हणून माणसाची गरिबी बदलत नाही, अपमान बदलत नाही, आणि तरीही कायद्याला हे मान्य करायला एवढा काळ लागला.

मतदारयादीत मात्र हा रकाना नाही, आणि तो नसणे हे आपल्या राष्ट्राच्या घडणीतले फार मोठे काम आहे. १९०९ च्या कायद्याने इंग्रजांनी मुसलमानांसाठी वेगळा मतदारसंघ आणला. त्यांच्या राखीव जागांवर मत देणारेही मुसलमानच. पुढे ही वाटणी शिखांपर्यंत आणि इतरांपर्यंत पोचली. याचा परिणाम काय झाला, हे नीट समजून घे. ज्या उमेदवाराला फक्त स्वधर्मीयांचीच मते हवीत त्याला दुसऱ्या धर्माच्या माणसाच्या दारात जाण्याची गरजच उरत नाही. उलट आपल्या माणसांना जितकी भीती घालावी तितकी मते पक्की होतात. तेवढ्यानेच फाळणी झाली असे मी म्हणणार नाही, तिच्या मागे आणखी पुष्कळ कारणे होती, पण जवळजवळ चाळीस वर्षे एकमेकांच्या दाराशी न जाण्याची सवय लागलेल्या पुढाऱ्यांना देशाच्या मधून रेघ ओढणे सोपे गेले, हे नक्की.

फाळणीच्या वेळचे रक्त अजून सुकलेले नव्हते तेव्हा आपली संविधान सभा बसलेली होती. त्या वेळी सूडाच्या भाषेत बोलणे किती सोपे होते, याचा विचार कर. पण सभेने वेगळे मतदारसंघ कायमचे मोडले, आणि मे १९४९ मध्ये धर्माच्या आधारावरच्या राखीव जागाही काढून टाकल्या. हे सुचवणाऱ्या सल्लागार समितीचे अध्यक्ष सरदार पटेल होते, आणि राखीव जागा नकोत असे ठामपणे बोलणाऱ्यांत बेगम ऐजाज रसूल या मुस्लिम सदस्य होत्या. राखीव जागा अल्पसंख्याकांना बहुसंख्याकांपासून कायमचे तोडून टाकतील आणि हे शस्त्र शेवटी त्यांच्याच मुळावर येईल, असे त्यांचे म्हणणे होते. यातून संविधानाचे कलम ३२५ आले: प्रत्येक मतदारसंघाला एकच सर्वसाधारण यादी, आणि धर्म, वंश, जात किंवा लिंग एवढ्यावरून कोणाचेही नाव तिच्यातून वगळता येणार नाही, कोणाला वेगळी यादीही मागता येणार नाही. १९५१-५२ ची पहिली निवडणूक याच यादीवर झाली. सतरा कोटींहून अधिक मतदार होते. आपला विदर्भ तेव्हा मध्य प्रदेशात होता आणि राजधानी नागपूर होती. त्या वेळी देशभरातल्या सुमारे २८ लाख बायकांची नावे यादीत टिकू शकली नाहीत, कारण त्यांनी स्वतःचे नाव सांगितले नव्हते, अमक्याची बायको किंवा तमक्याची आई एवढेच सांगितले होते. हे वाचले तेव्हा मला ती म्हातारी आठवली. स्वतःच्या नावासकट यादीत असणे म्हणजे काय, हे तिला माझ्यापेक्षा जास्त कळत होते.

याच संविधान सभेतला एक दिवस तुझ्या प्रश्नाला थेट भिडणारा आहे. १७ ऑक्टोबर १९४९ रोजी उद्देशिकेवर चर्चा चालू होती. हरी विष्णू कामथ, जे आपल्याच सी. पी. अँड बेरार, म्हणजे मध्य प्रांत व वऱ्हाड, या प्रांतातून तिथे गेले होते, त्यांनी दुरुस्ती सुचवली की उद्देशिकेची सुरुवात ईश्वराच्या नावाने व्हावी. सभेत बसलेली बहुतेक माणसे देव मानणारी होती. तरीही पंडित हृदयनाथ कुंझरूंसारखे सदस्य कळकळीने उभे राहिले आणि म्हणाले की आपल्या अंतःकरणातल्या सर्वांत पवित्र भावनेचा असा सभेत वाद व्हावा याचाच खेद वाटतो, आणि ती कोणावर लादणे योग्य नाही. शेवटी मतदान झाले. दुरुस्तीच्या बाजूने ४१, विरुद्ध ६८. दुरुस्ती पडली. आजची एखादी वाहिनी असती तर तिने ‘देव हरला’ अशी बातमी चालवली असती, पण मला त्या अडुसष्ट माणसांत देवाचा खरा आदर दिसतो. ज्याचे नाव हात वर करून मोजावे लागते, ते उद्या हात कमी पडले म्हणून खोडावेही लागेल. त्यांनी देवाला त्या मोजणीतून सोडवले. आणि दार बंदही केले नाही: आजही आपला खासदार किंवा आमदार शपथ घेताना ईश्वरसाक्ष म्हणू शकतो किंवा गांभीर्यपूर्वक प्रतिज्ञा करू शकतो. ज्याची जी श्रद्धा असेल ती त्याची.

तुला सांगण्यात येईल की हे सगळे धर्म न मानणाऱ्या, इंग्रजी शिकलेल्या शहरी लोकांनी आपल्यावर लादले. ते खरे नाही, आणि निदान विदर्भातल्या माणसाने तरी त्यावर विश्वास ठेवू नये. पापळच्या पंजाबराव देशमुखांनी विलायतेत जाऊन डॉक्टरेट केली ती वैदिक वाङ्मयातील धर्माचा उगम आणि विकास या विषयावर. वेद समजून घेतलेला हा माणूस परत येऊन काय करतो? अंबादेवीचे मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे म्हणून १९२७ साली अमरावतीत जी चळवळ उभी राहिली तिच्यात उतरतो, ज्या चळवळीच्या परिषदेला नोव्हेंबरमध्ये स्वतः डॉ. आंबेडकर अमरावतीस आले होते. पुढे तो शेतकऱ्यांच्या पोरांसाठी शिक्षण संस्था काढतो, संविधान सभेत बसतो आणि देशाचा कृषिमंत्री होतो. धर्माचा अभ्यास, मंदिराचे दार आणि शेतकऱ्याचे पोर, ही त्यांच्या लेखी एकाच कामाची तीन टोके होती. शेंडगावचे गाडगेबाबा हातात खराटा घेऊन दिवसा गाव झाडत आणि रात्री कीर्तनात माणसांची मने झाडत. यावलीचे तुकडोजी महाराज खंजिरीवर भजन म्हणत गावोगाव फिरले. १६ ऑगस्ट १९४२ ला, नागपंचमीच्या दिवशी, चिमूर आणि आष्टी पेटले. त्या उठावामागे महाराजांच्या भजनांनी केलेली जागृती होती हे इंग्रज सरकारलाही कळले, आणि त्यांना धरून नागपूर व रायपूरच्या तुरुंगात ठेवण्यात आले. या माणसांनी धर्म आणि देश वेगळे मानले नाहीत, हे खरेच आहे. पण धर्माच्या नावाने कोणाच्या विरुद्ध कोणाला उभे केले, असे त्यांच्या आयुष्यातले एक उदाहरण मला शोधून दाखव.

आणि ‘आपला धर्म’ म्हणताना तू नेमके कोणाला मोजतोस, हेही एकदा शांतपणे पाहा. आपल्या गावाभोवतीचा पंधरा-वीस कोसांचा टापू घे. महानुभाव मंडळी रिद्धपूरला जातात, त्यांचे सातशे वर्षांपूर्वीचे मराठी गद्य म्हणजे आपल्या भाषेची पहिली शिदोरी, आणि त्यांचा देवधर्म तुझ्या-माझ्या घरच्यापेक्षा वेगळा. बंजारा तांडे पोहरादेवीला लोटतात. गोंड बांधव माघ पौर्णिमेला कचारगडला जातात आणि त्यांच्यातले पुष्कळ जण आपला धर्म वेगळा असल्याचे सांगतात. दसऱ्याला दीक्षाभूमीवर निळा महासागर असतो. गिरडला शेख फरीदबाबांच्या टेकडीवर आणि नागपूरला ताजबागेत ताजुद्दीनबाबांच्या दर्ग्यावर नारळ फोडणाऱ्यांची नावे विचारलीस तर कोणता धर्म कुठे संपतो हे तुला सांगता येणार नाही. ही सगळी माणसे एका शब्दात कोंबणारा मनुष्य एक तर त्यांना ओळखत नाही, किंवा त्यांचे वेगळेपण त्याला अडचणीचे वाटते.

आता तुला मी एक गोष्ट सांगतो, जी मी आजवर कोणाला लिहून सांगितलेली नाही. मी नोकरीला लागलो त्या गावात मोहरमची सवारी निघायची. सवारी उचलण्याचा मान एका कुणबी घराण्याकडे होता. किती पिढ्यांपासून, ते त्यांनाही सांगता येत नव्हते. त्या घरातली बाई दहा दिवस चप्पल घालत नसे. सवारीच्या रात्री आलाव्यात निखारे फुललेले असायचे, ऊद जळत असायचा, ढोल वाजत असायचे, आणि तिचा नवरा अंगात आल्यासारखा थरथरत हिरव्या कापडाची सवारी खांद्यावर घ्यायचा तेव्हा मोहल्ल्यातली म्हातारी माणसे त्याच्या पायावर पाणी ओतायची. १९९३ साली ती निघाली नाही. भांडण झाले नाही, कोणी कोणाला मारले नाही, पोलीसही आले नाहीत. बाहेरगावचा एक कोणी येऊन त्या घराला म्हणाला की तुम्ही हिंदू, हे तुम्ही कशाला करता? आणि बाहेरगावचाच दुसरा कोणी मोहल्ल्यात येऊन म्हणाला की हे इस्लाममध्ये बसत नाही, हे तुम्ही बंद करा. दोघे एकमेकांना कधी भेटलेही नसतील, पण दोघांनी मिळून एक काम पुरे केले. दोन्हीकडच्या माणसांना मनातून वाईट वाटत होते आणि दोन्हीकडची माणसे एकमेकांच्या तोंडाकडे पाहत गप्प राहिली. मीही गप्प राहिलो. गावात शिकलेला म्हणून माझ्या शब्दाला किंमत होती, मी एकदा जरी म्हटले असते की निघू द्या सवारी, तर कदाचित निघाली असती. मी नवीन होतो, बदलीची भीती होती, अशी कारणे मी स्वतःला सांगितली. ते घराणे अजून आहे, पण त्या घरातल्या नातवाला आपल्या आजोबाच्या खांद्यावर काय होते हे ठाऊक नाही. धर्म बुडाला असे लोक म्हणतात तेव्हा मला त्या घरातला विझलेला ऊद आठवतो. तिथे धर्म खरोखरच बुडाला, आणि बुडवणारे दोघेही स्वतःला धर्मरक्षक म्हणवत होते.

त्या १९९३ च्या मागे काय होते ते तुमच्या पिढीने माहीत करून घ्यावे. इंदूरच्या शाहबानो या तलाकशुदा वृद्धेला नवऱ्याने पोटगी द्यावी, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल १९८५ मध्ये दिला. मुस्लिम समाजातल्या काही पुढाऱ्यांनी आरडाओरड केली आणि १९८६ मध्ये केंद्र सरकारने कायदा करून तो निकाल बाजूला सारला. त्याच वर्षी फेब्रुवारीत अयोध्येचे कुलूप उघडले गेले. एका बाजूची मर्जी राखली म्हणून दुसऱ्या बाजूची राखायची, असा तो हिशेब होता असे माझे मत आहे. मग ६ डिसेंबर १९९२ ला मशीद पाडली गेली, आणि देशभर दंगली झाल्या. ९ नोव्हेंबर २०१९ च्या निकालाने ती जागा मंदिराला मिळाली. पण मशीद पाडणे हा कायद्याच्या राज्याचा गंभीर भंग होता, हे त्याच निकालात लिहिलेले आहे. दोन्ही गोष्टी एकाच कागदावर आहेत. तुला कोणी एकच वाचून दाखवली तर दुसरी तू स्वतः वाच. या सगळ्या चढाओढीत शाहबानोच्या पोटगीचे काय झाले, हे विचारायला कोणाला फुरसत नव्हती.

तू ज्यांच्यासाठी फलकावर उभा राहणार आहेस त्यांना एक कायदाही विचारून पाहा. लोकप्रतिनिधित्व कायदा १९५१ चा आहे, आणि त्याच्या कलम १२३ प्रमाणे धर्माच्या नावावर मत मागणे हे भ्रष्ट आचरण आहे. निवडून आलेल्याची निवड त्यावरून रद्द होऊ शकते. २ जानेवारी २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायमूर्तींनी, चार विरुद्ध तीन अशा बहुमताने, स्पष्ट केले की उमेदवाराच्याच नव्हे, तर मतदाराच्या धर्माचा हवाला देऊन मत मागणेही त्यात बसते. म्हणून शहाणे पुढारी स्वतः बोलत नाहीत. बोलायला गावातली पोरे लागतात. शेजारच्या गावात दोन वर्षांपूर्वी झेंड्यावरून बाचाबाची झाली, दगड आले, दोन्हीकडच्या पोरांवर गुन्हे दाखल झाले. त्यातला एक पहाटे चार वाजता उठून डांबरी रस्त्यावर धावायचा, पोलीस भरतीच्या मैदानी चाचणीत पहिल्या यादीत होता. चारित्र्य पडताळणीत त्याची नोंद निघाली. तालुक्याचा जो पुढारी त्या दिवशी भाषण करून गेला त्याचे नाव कुठल्याच कागदावर नाही. मुलगा आता जिनिंगमध्ये रोजंदारीवर कापसाच्या गाठी उचलतो. त्याच्या आईने मला विचारले, ‘गुरुजी, माह्या पोरानं देवाचंच काम केलं होतं नं? मंग काऊन असं झालं?’ तिला द्यायला माझ्याजवळ उत्तर नव्हते. ज्याच्याजवळ असायला हवे होते तो पुन्हा त्या गावात फिरकलेला नाही.

बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत शेवटचे भाषण केले. धर्मात भक्ती असली तर ती आत्म्याच्या मुक्तीची वाट असू शकेल, पण राजकारणात भक्ती म्हणजे अधोगतीची आणि शेवटी हुकूमशाहीची वाट, असे त्यांनी त्या दिवशी बजावले. मी हे शाळेत दर वर्षी संविधान दिनाला सांगत असे. पण त्याच भाषणातली दुसरी गोष्ट मला आता जास्त टोचते. आपण राष्ट्र आहोत असे मानणे हा भ्रम आहे, हजारो जातींत विभागलेली माणसे राष्ट्र कशी होतील, आपण अजून राष्ट्र झालेलो नाही हे जितक्या लवकर कळेल तितके बरे, असे ते म्हणाले. कोणाला हे कडू लागेल. मला त्यात मोठी आशा वाटते, कारण जे झालेले नाही ते करण्याचे काम आपल्या हातात शिल्लक राहते. आणि धर्म एक असला की राष्ट्र आपोआप होते, असे ज्यांना वाटते त्यांनी पाकिस्तानकडे पाहावे. धर्म एक, देश त्याच नावाने काढलेला, पण २१ फेब्रुवारी १९५२ ला ढाक्यात बंगाली भाषेसाठी पोरांनी गोळ्या झेलल्या आणि १९७१ मध्ये त्या देशाचे दोन तुकडे झाले. शेजाऱ्याला तुच्छ लेखले तर धर्म एक असूनही घर फुटते.

आपल्या गावातच पाहा ना. मिरवणुकीच्या फलकावर ‘आम्ही सारे एक’ असे लिहिलेले असते, आणि गावात स्मशाने तीन आहेत. एकाला टिनाचे शेड आहे, दोघांना नाही. मागच्या श्रावणात बौद्धपुऱ्यातल्या एका माणसाचे प्रेत सरणावर ठेवले आणि झडी लागली. चार जणांनी चार कोपऱ्यांना ताडपत्री धरली, बाकीचे रॉकेल ओतत राहिले, आणि ओल्या लाकडांचा धूर त्याच्या मुलाच्या डोळ्यांत जात होता. मीही एक कोपरा धरला होता. जवळच्या देवळात तेव्हा आरती चालू होती, आणि तिचे कर्णे माझ्या ओळखीचे होते, मीच वर्गणी दिली होती. त्या संध्याकाळपासून मला घरात बसून प्रार्थना म्हणणे जड जाते.

त्या शेडचा विषय ग्रामसभेपुढे आहे. ग्रामसभा वर्षातून निदान चार वेळा घ्यावी असा कायदा आहे, आणि गणपूर्तीसाठी एकूण मतदारांच्या पंधरा टक्के किंवा शंभर, यांतली जी संख्या कमी असेल तेवढी माणसे लागतात. मागच्या सभेला एकवीस माणसे आली. मी मोजली, कारण हजेरी पुस्तकावर माझ्या सहीच्या खाली फार जागा उरली होती. त्याच आठवड्यात तुझ्या मिरवणुकीच्या सरावाला दोनशेच्या वर पोरे होती, हे तूच मला अभिमानाने लिहिले आहेस. गडचिरोलीत धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) या गावाने ‘दिल्ली-मुंबईत आमचे सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ असे ठरवले, बहुमताऐवजी सगळ्यांच्या संमतीने निर्णय घेण्याची सवय लावून घेतली, आणि २००९ साली सामूहिक वनहक्क मिळवला. गोंडांचे छोटेसे गाव ते. तिथली माणसे तुझ्या पोरांपेक्षा अधिक शिकलेली नव्हती; ती बसायला येत होती.

शाखाप्रमुख व्हावे की नाही, याचा निर्णय तू घे. मी नको म्हणालो म्हणून तू नकार दिलास तर उद्या दुसरा कोणी हो म्हण म्हणाला की तू होकार देशील, आणि तसे झालेले मला आवडणार नाही. मिरवणूक काढलीस तर देवाच्या नावाने काढ, गाणी देवाची लाव, आणि मोहल्ल्यासमोरून जाताना आवाज वाढवायचा हे ज्याने तुला सुचवले आहे त्याला सांग की त्या गल्लीत पुढे तू स्वतः चाल. मोहल्ल्यातल्या तुझ्या वयाच्या एका मुलालाही मी असेच पत्र लिहायला घेतले आहे, कारण त्याच्याही मोबाईलवर कोणीतरी कुठूनतरी काहीतरी पाठवत असते, आणि तोही माझ्याच वर्गात बसलेला आहे.

तहकूब झालेली ग्रामसभा येत्या गुरुवारी सकाळी अकरा वाजता समाजमंदिरात आहे. तहकूब सभेला गणपूर्तीची अट नसते, म्हणजे सात माणसे बसली तरी त्यांचा ठराव सबंध गावाचा ठराव धरला जाईल, आणि ती सात माणसे कोण असतील हे तुला मला ठाऊक आहे. तिन्ही स्मशानांच्या जागांचा सात-बारा मी तलाठ्याकडून काढून आणला आहे. एकच मोठे शेड, सगळ्यांसाठी एकाच जागी, असा ठराव मी लिहून ठेवला आहे. त्याला अनुमोदक लागेल, आणि विरोध होईल तो तुझ्याच वाड्यातून होईल हेही तुला आधीच सांगतो. तू ये. दोनशेपैकी वीस पोरे आणलीस तरी पुरे. मंडळाच्या प्रार्थनेची जुनी सतरंजी माझ्या घरी पडून आहे, ती धुऊन वाळत घातली आहे. बुधवारी संध्याकाळी येऊन घेऊन जा, माझ्या एकट्याने ती उचलवत नाही.

तुझा,
गुरुजी